चव्वेचाळीस घरांचे देवस्थान

जपानमधील कोबे हे बंदर मोत्यांच्या व्यापारामुळे आपल्या समाजाला अपरिचित नाही. तेथील कितानो भागात १९८५ साली उभारलेले संगमरवरी महावीरस्वामी जिनालय काही वाचकांनी पाहिलेही असेल. तेथून उतार उतरून सान्नोमिया स्थानकाकडे निघाले, की दुकानांच्या दाटीत एक तांबडे तोरणद्वार लागते. ते इकुता या प्राचीन शिंतो देवस्थानाचे.

'कोबे' हे नाव या देवस्थानामुळेच पडले. इ. स. ८०६ मध्ये ४४ घरे त्याच्या निर्वाहासाठी नेमून देण्यात आली होती. त्यांचा सारा राजदरबारी न जाता देवस्थानाकडे जाई. आपल्याकडील देवस्थान-इनामासारखीच ही रीत. अशा घरांना 'कान्बे' म्हणत, आणि त्याचेच पुढे कोबे झाले. राजांच्या नावाची नगरे पुष्कळ. देवस्थानाचा भार वाहणाऱ्या कुटुंबांवरून ओळखले जाणारे महानगर मात्र विरळाच.

स्थापना परंपरेने इ. स. २०१ ची मानतात. सम्राज्ञी जिंगूचे जहाज परतताना समुद्रात अडले, तेव्हा वाकाहिरुमे देवीने इकुता येथे राहण्याची इच्छा प्रकट केली, अशी कथा ७२० साली पूर्ण झालेल्या 'निहोन शोकी' या ग्रंथात आहे.

आरंभी हे स्थान नुनोबिकी धबधब्याजवळच्या डोंगरावर होते. इ. स. ७९९ च्या महापुरात तेथील पाइनचे वृक्ष उन्मळून पडले आणि डोंगर ढासळला. देवीचे अधिष्ठान एका ग्रामस्थाने पाठीवर घेऊन सध्याच्या जागी आणले, असे सांगतात. संकटात न टिकलेल्या पाइनला तेव्हापासून या आवारात थारा नाही. इतरत्र नो नाट्याच्या रंगमंचामागे पाइनचे चित्र असते; येथे सुगी, म्हणजे जपानी देवदार, रंगवला आहे. (आपल्या सुगीशी साम्य केवळ उच्चाराचे!)

पुढेही आपत्ती टळल्या नाहीत. ११८४ मध्ये येथील वनात गेंजी आणि हेइके घराण्यांची लढाई झाली. १९३८ च्या पुराने हानी केली, १९४५ च्या बॉम्बहल्ल्यांत वास्तू जळाल्या. १७ जानेवारी १९९५ च्या पहाटे भूकंपाने सहा हजारांहून अधिक माणसे नेली. येथील सभामंडप कोसळून त्याचे छप्पर जमिनीला टेकले. मागचे गर्भगृह तेवढे उभे राहिले. नगरात असंख्य कुटुंबे बेघर असतानाच पुनर्बांधणी सुरू झाली, आणि १९९६ मध्ये सभामंडप पुन्हा उभा होता. नववर्षाला तेथे आजही पाइनऐवजी सुगीच्याच फांद्या रचतात.