घाव कुणाचा, गुन्हा कुणाकुणाचा?

एप्रिल 2014 मध्ये बदनापूर तालुक्यातल्या नानेगावच्या दलित सरपंचांचा अनेकांनी मिळून केलेल्या मारहाणीत मृत्यू झाला. अशा खटल्यात बचाव पक्षाचा पहिला प्रश्न ठरलेला असतो: जीव घेणारा घाव नेमका कुणाचा? शवविच्छेदन अहवालात जखमा मोजलेल्या असतात, मारणारे हात नव्हे.

कायदा तिथे अडत नाही. भारतीय दंड संहितेचे कलम 34 (समान उद्देश) लागू व्हायला दोघे आरोपीही पुरतात. कलम 149 साठी किमान पाच जणांचा बेकायदा जमाव आणि समान उद्दिष्ट लागते. 1 जुलै 2024 पासून भारतीय न्याय संहितेत हीच तत्त्वे कलम 3(5) आणि 190 मध्ये आहेत. त्याआधीचे गुन्हे मात्र जुन्याच कलमांखाली चालतात.

काठी न उचलता वाट अडवून धरणाराही खुनात दोषी ठरू शकतो. नुसता बघ्या नाही. म्हणूनच कोण कुठे उभा होता, कुणाच्या हातात गज होता, हे साक्षीदाराने पहिल्याच जबाबात सांगणे फार मोलाचे असते.

जात, भाषा, जन्मस्थान अशा कारणांवरून पाच किंवा अधिक जणांनी मिळून केलेल्या खुनासाठी आता न्याय संहितेचे कलम 103(2) आहे. शिक्षा फाशी किंवा जन्मठेप, शिवाय दंड. धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात 1 जुलै 2018 रोजी पाच भिक्षेकऱ्यांना ठेचून मारले गेले, तेव्हा हे कलम नव्हते. तरीही फेब्रुवारी 2024 मध्ये सात जणांना जन्मठेप झाली.