नाटकमंडळींतून मूकपटांत : कोल्हापूरचा दाखला

रंगभूमीवरील नट मूकपटांत कसे गेले याचा विचार करूं लागलें असतां फ्रान्सचें उदाहरण प्रथम पुढें येतें. इ. स. १९०८ च्या नोव्हेंबरांत पॅरिस येथें 'ड्यूक द गीझचा वध' हा चित्रपट दाखविण्यांत आला. त्यांत कॉमेदी-फ्रान्सेझ या प्रतिष्ठित रंगसंस्थेचे ल बार्जी प्रभृति नट होते, व संगीत सँ-साँ यांनीं रचिलें होतें. पुढें १९१२ सालीं सारा बर्नहार्ट हिनें पडद्यावर राणी एलिझाबेथची भूमिका केली. सारांश, तेथें रंगभूमीचे अग्रणीच पडद्यावर गेले.

कोल्हापुरांत क्रम उलटा दिसतो. येथें रंगभूमीनें मूकपटास प्रथम दिला तो नट नव्हे, तर पडदे रंगविणारा चित्रकार. आनंदराव पेंटर व बाबूराव पेंटर हे नाटकमंडळ्यांचे पडदे रंगवीत. आनंदराव १९१६ सालीं निवर्तले. तथापि चित्रीकरणाचें यंत्र स्वतः घडविण्याचा दोघांचा उद्योग बाबूरावांनीं तडीस नेला व महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली. तिचा 'सैरंध्री' १९२० सालीं पुण्यास लागला. कथाहि रंगभूमीच्या परिचयाचीच : खाडिलकरांचें 'कीचकवध' सरकारनें १९१० सालीं बंद केलें होतें.

मग केशवराव भोसले, बालगंधर्व यांच्यासारखे नट या मूकपटांत कां नाहींत? आमच्या मतें कारण उघड आहे. फ्रेंच नटाचें सामर्थ्य मुद्राभिनयांत व हावभावांत बरेंचसें उरे. आमच्या संगीत नटाचें सर्वस्व गळ्यांत होतें. १९२१ च्या जुलैंत या दोघांचें संयुक्त 'मानापमान' मुंबईस झालें, तेव्हां लोक लोटले ते पदें ऐकण्यास. मुकें 'मानापमान' कोण पाहील?

दुसरी अडचण स्त्रीभूमिकांची. दीपप्रकाशांत साजणारा स्त्रीवेषधारी पुरुष यंत्राच्या भिंगापुढें तसाच साजेल असें नव्हे. फाळके यांच्या 'राजा हरिश्चंद्र' पटांत (१९१३) तारामती साळुंके या पुरुषानें केली. परंतु त्याच वर्षीं 'मोहिनी भस्मासुर' मध्यें दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमला या आल्या. 'सैरंध्री'तहि स्त्रियांचीं कामें स्त्रियांनींच केलीं. लोकनिंदा त्यांनीं सोसली. तिचें मोल इतिहासानें अद्याप पुरतें चुकविलेलें नाहीं.

नाटकमंडळींतून खरोखर आलीं तीं उमेदवारीचीं मुलें. गंधर्व नाटक मंडळींत कांहीं काळ असलेले शांताराम वणकुद्रे १९२० सालीं बाबूरावांकडे आले, व १९२५ च्या 'सावकारी पाश' पटांत तरुण शेतकऱ्याच्या भूमिकेंत दिसले.

गवई नटांस दार उघडलें तें पट बोलूं लागल्यावर. प्रभातच्या 'अयोध्येचा राजा' (१९३२) यांत गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र झाले. बालगंधर्व १९३५ सालीं 'धर्मात्मा'त आले ते एकनाथ होऊन, पुरुषवेषानें. दोन वर्षांनीं 'साध्वी मीराबाई' पटांत त्यांनीं पुन्हा लुगडें नेसलें. त्या पटाचे दिग्दर्शक बाबूराव पेंटर होते. तो पट चालला नाहीं.