कुलूप लावलेली मराठी

उपरण्याखालचा सौदा मी लहानपणी पुण्याच्या मंडईत पाहिला आहे. दोन माणसं समोरासमोर उभी, हात कापडाखाली आणि तोंडानं पावसापाण्याच्या गप्पा. बोटं दाबली, चाचपली, सोडली की भाव ठरला. ज्याचा माल, तो शेतकरी शेजारी उभा असूनही त्याला काही कळत नसे. बोलूनच भाव सांगायची वेळ आली, तर दलालांची मोजणी निराळी असायची : केवली म्हणजे एक, आवारू दोन, उधानू तीन, पोकू चार. चार लोकांत उभं राहून चार लोकांना कळू न देण्याची ही कला.   

मंडईतून बाजीराव रस्ता ओलांडून सदाशिव पेठेत शिरलं की दहा-पंधरा मिनिटांत भारत इतिहास संशोधक मंडळ येतं. १९१० साली मंडळाची स्थापना करणाऱ्या वि. का. राजवाड्यांनी विसाव्या शतकाच्या आरंभी मराठीतलं एक मोठं गुपित फोडलं. ते गुपित भावाचं नव्हतं, देवाचं होतं. महानुभाव पंथानं आपले ग्रंथ ज्या सांकेतिक लिपीत बंद करून ठेवले होते, त्या सकळ लिपीची उकल त्यांनी केली.

गंमत अशी की, मराठीवर मनापासून प्रेम केलं ते याच पंथानं. तेराव्या शतकात पंथाचे प्रवर्तक चक्रधरस्वामी लोकांशी त्यांच्या भाषेत बोलले. त्यांच्या पश्चात पंथ सांभाळणाऱ्या नागदेवाचार्यांनी संस्कृतात लिहू पाहणाऱ्या विद्वान शिष्यांना अडवलं. म्हाताऱ्या बायाबापड्यांना कळणार नाही अशा भाषेत लिहायचं कशाला, हा त्यांचा मुद्दा. म्हाइंभटांनी गावोगाव फिरून, स्वामींना पाहिलेल्यांना विचारून ‘लीळाचरित्र’ सिद्ध केलं, तेही बोलत्या मराठीत. आणि त्याच पंथानं शंभर वर्षांच्या आत या मराठीला कुलूप घातलं!

१३५३ च्या सुमारास ‘सह्याद्रिवर्णन’कार रवळोबासांनी सकळ लिपी तयार केली, असं मानतात. तिचं तत्त्व तसं सोपं. देवनागरीतल्या अक्षरांची ठरावीक अदलाबदल करायची आणि काहींना नवी चिन्हं द्यायची. समजा, ‘म’च्या जागी ‘त’ आणि ‘क’च्या जागी ‘ल’ असं ठरलं, तर ‘मका’ लिहिताना ‘तला’ लिहायचं. उदाहरण माझं आहे, पंथाचं नव्हे. पण रीत हीच. भाषा मराठीच राहते, फक्त डोळ्याला ओळख देत नाही. पंथाच्या निरनिराळ्या शाखांना, म्हणजे आम्नायांना, मिळून चालणारी म्हणून ही ‘सकळ’. तिच्या जोडीला सुंदरी, वज्र, अंक, शून्य, सुभद्रा अशा आणखी कितीतरी लिप्या निघाल्या. नावं मोठी देखणी आहेत.

हे कशासाठी? परचक्राची धास्ती होती. ‘लीळाचरित्रा’ची मूळ प्रत धामधुमीत नाहीशी झाली आणि शिष्यांना ते आठवून आठवून पुन्हा उभं करावं लागलं, म्हणून त्याचे निरनिराळे पाठ झाले. हा चटका मोठा होता. वेद आणि चातुर्वर्ण्य यांबाबत पंथाची मतं वेगळी असल्यानं वैदिकांचा रोषही होताच. पण मला त्याहून महत्त्वाचं वाटतं ते पावित्र्याचं कारण. स्वामींचं वचन उपदेश न घेतलेल्याच्या हाती पडू नये, ही भावना. बाराव्या शतकात जर्मनीत हिल्डेगार्ड या साध्वीनं स्वतःची वर्णमाला रचली होती, ती याच कारणानं की नाही, हे सांगता येत नाही. पण दैवी शब्दाला दैवी अक्षर हवं, ही ओढ जगभर दिसते.

कुलूप म्हणून मात्र सकळ लिपी कच्ची. कोणतं अक्षर किती वेळा येतं हे मोजलं की अशी अदलाबदल उलगडते, हे बगदादच्या अल-किंदीनं नवव्या शतकातच लिहून ठेवलं होतं. मग ती साडेपाचशे वर्षं टिकली कशी? माझं उत्तर असं की, कुलपानं काही राखलं नाही, राखलं ते पोथी बाहेरच्याला न दाखवण्याच्या शिस्तीनं. मंडईतसुद्धा बोटांची खूण अवघड नव्हती. अडचण होती ती उपरण्याची.

या शिस्तीची किंमत दोन्हीकडून मोजली गेली. पंथाविषयी बाहेर वाटेल त्या कंड्या पिकल्या आणि लपवतात म्हणजे काहीतरी काळंबेरं असणार, असं लोक धरून चालले. इकडे मराठी वाङ्मयाचा इतिहास आपल्या आद्य गद्यावाचूनच लिहिला जात होता. उकल झाल्यावर वि. ल. भावे, य. खु. देशपांडे, ह. ना. नेने, वि. भि. कोलते यांनी पोथ्या मिळवून, ताडून छापल्या, तेव्हा यादवकाळातली माणसं कशी बोलत, काय खात, कशावरून भांडत, हे एकदम समोर आलं. तोवर हे सगळं मठांतल्या फडक्यांत गुंडाळलेलं होतं. तेही केवळ वऱ्हाडात नव्हे. पंथ पंजाबात आणि पार पेशावर-काबूलपर्यंत गेला होता, तिथे तो ‘जयकृष्णी’ म्हणून ओळखला जाई. तिकडच्या मठांतही हीच मराठी जपली गेली.

आता चक्रधरस्वामींचे गुरू गोविंदप्रभू यांच्या रिद्धपूरला, अमरावती जिल्ह्यात, मराठी भाषा विद्यापीठ झालं आहे. पोथ्यांचं काम मात्र संपलेलं नाही. तेव्हा दिवाळीच्या साफसफाईत माळ्यावर एखादी जुनी, न वाचता येणाऱ्या अक्षरांची पोथी निघाली, तर ती नदीत सोडू नका, रद्दीतही देऊ नका. आधी जाणकाराला दाखवा. पुण्यात असाल तर भाजी घेऊन परतताना मंडळात नेता येईल.