सोळा पिआनोला आणि एक मूकपट

खांद्यावर बोचकं घेतलेली एक बाई दगडी जिना चढते. वर पोचते न पोचते तोच पुन्हा खालच्या पायरीवर. असं ती इतक्या वेळा चढते, की तिच्या चालीतलं माणूसपण विरून इंजिनातल्या दट्ट्याची लय तेवढी उरते. १९२४ सालच्या ‘बाले मेकानिक’ या मूकपटातलं हे दृश्य आहे.

फ्रेंच चित्रकार फेर्नां लेजे आणि अमेरिकी दिग्दर्शक डडली मर्फी यांच्या या सुमारे सोळा मिनिटांच्या चित्रपटाला कथा नाही. फिरणारी चाकं, यंत्रांचे दट्टे, झुलणारी भांडी, हसणारे आणि मिटणारे ओठ सपासप बदलत जातात. पहिल्या महायुद्धात लेजे आघाडीवर लढला होता. उन्हात चमकणारं तोफेचं धातूचं अंग पाहून आपली दृष्टीच बदलली, असं तो सांगत असे.

संगीत दिलं जॉर्ज अँटहाईल या तरुण अमेरिकी संगीतकाराने. त्याचा वाद्यमेळ अचाट होता: १६ पिआनोला, २ पिआनो, ३ झायलोफोन, ४ मोठे ड्रम, विजेच्या घंटा, भोंगा आणि विमानाचे ३ पंखे!

घोडं अडलं ते पिआनोलापाशी. हा आपोआप वाजणारा पिआनो. छिद्रं पाडलेला कागदी रोल फिरतो, छिद्रातून हवा शिरते आणि त्या-त्या सुराची पट्टी दाबली जाते. असे सोळा रोल तंतोतंत एका चालीने फिरवायची सोयच तेव्हा नव्हती. शिवाय संगीत चित्रपटाच्या जवळपास दुप्पट लांबीचं झालं. व्हिएन्नात चित्रपट अँटहाईलच्या संगीताविनाच दाखवला गेला. पॅरिस आणि न्यूयॉर्कमध्ये संगीत पिआनोलांची संख्या घटवून, चित्रपटाविना वाजलं.

एकाच वेळी फिरणाऱ्या रोलची कल्पना मात्र अँटहाईलने सोडली नाही. अभिनेत्री हेडी लमारसोबत १९४२ साली त्याने एक पेटंट मिळवलं. जहाज आणि पाणतीर या दोघांकडे सारखेच रोल ठेवून रेडिओची वारंवारता सतत बदलत ठेवायची, म्हणजे शत्रूला संदेशात अडथळा आणता येणार नाही. वारंवारता किती? पिआनोच्या पट्ट्यांइतक्याच, ८८.

१९९९ साली पॉल लेरमन यांनी अमेरिकेतल्या लोवेल इथे संगणकाच्या मदतीने सोळा स्वयंचलित पिआनो एकत्र वाजवून दाखवले. पुढच्या वर्षी त्यांनी संगीत कापून-बेतून चित्रपटाशी जुळवलं. आवाजाविना पाहिला तर हा चित्रपट खेळकर वाटतो. या कानठळ्या बसवणाऱ्या संगीतासह पाहिला, की लेजेला ज्या तोफेने भुरळ घातली तिची दहशतही त्यात जाणवते.