भीमगीतांची नोंद आणि आपली ग्रंथालये

आपल्या समाजात भीमगीत ऐकू आले नाही असे घर विरळाच. १४ एप्रिलची मिरवणूक असो, धम्मचक्र प्रवर्तन दिन असो किंवा वर्षावासाची सांगता असो, गाण्यावाचून कार्यक्रमास रंग चढत नाही. ज्या काळी आपल्या बहुसंख्य माणसांना अक्षरओळख नव्हती, त्या काळी परमपूज्य बाबासाहेबांचा विचार वाड्यावस्त्यांवर पोहोचविण्यात जलशांचा आणि शाहिरांचा वाटा मोठा होता. परंतु आज एखाद्या विद्यार्थ्याने "हे गाणे कोणी लिहिले? कोणी गायिले? कोणत्या साली?" असे विचारले, तर उत्तर देणारे थोडेच निघतील. पुस्तकांची नोंद ठेवण्याची सवय आपल्या वाचनालयांना लागली आहे. गाण्यांची नोंद ठेवण्याची मात्र लागलेली नाही. ही नोंद का ठेवावी, कशी ठेवावी आणि कशेळ्यासारख्या गावातील लहानशा वाचनालयालाही ती कशी जमेल, याचा विचार आम्ही येथे करणार आहोत.

नोंदीची आपली परंपरा

नोंद ठेवणे ही गोष्ट आपल्याला परकी नाही. आपल्याच कर्जत तालुक्यात राजमाची किल्ल्याच्या पायथ्याशी कोंडाणे येथे सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीची बौद्ध लेणी आहेत. तेथील एका भग्न शिल्पाजवळ ब्राह्मी लिपीत एक ओळ कोरलेली आहे. कण्हाचा शिष्य बलक याने हे केले, असा तिचा अर्थ होतो. शिल्प भंगले, पण करणाऱ्याचे आणि त्याच्या गुरूचे नाव राहिले. ते राहिले याचे कारण कोणीतरी ते कोरून ठेवले.

भगवान बुद्धांच्या महापरिनिर्वाणानंतर राजगृह येथे पहिली धम्मसंगीती भरली. महाकाश्यप अध्यक्षस्थानी होते, उपालींनी विनय सांगितला आणि आनंदांनी धम्म सांगितला. 'संगीती' या शब्दाचा मूळ अर्थच एकत्र म्हणणे, एकत्र गाणे असा आहे. दीघनिकायातील संगीतिसुत्तात सारिपुत्तांनी धम्मातील विषय एकाचे, दोनाचे, तिनाचे असे दहापर्यंत क्रमवार लावून दिले आहेत. लिहिलेला ग्रंथ हाती नसताना मुखोद्गत वचन हरवू नये म्हणून केलेली ती मांडणीच होय. ग्रंथालयातील तालिका यापेक्षा वेगळे काय करते?

गाण्याची नोंद अवघड का?

पुस्तकाला मुखपृष्ठ असते, आत लेखक, प्रकाशक व साल छापलेले असते. गाण्याचे तसे नाही. गाणे लिहिणारा एक, चाल लावणारा दुसरा, गाणारा तिसरा, ढोलकी-पेटीवाला चौथा आणि कॅसेट काढणारी कंपनी पाचवी. एका कॅसेटमध्ये आठ-दहा गाणी असतात व ती निरनिराळ्या कवींची असू शकतात. वेष्टनावर गायकाचा फोटो मोठा आणि कवीचे नाव बारीक अक्षरात, कधी तेही नाही. कॅसेटचे नाव कंपनीने दिलेले असते, त्यावरून आतले गाणे ओळखता येत नाही. म्हणून संगीताच्या बाबतीत कॅसेटची एक नोंद करून भागत नाही, आतील प्रत्येक गाण्याची स्वतंत्र नोंद करावी लागते.

गाण्यांच्या पुस्तिकांची अडचण आणखी निराळी. मेलव्हिल ड्युई यांनी १८७६ साली प्रसिद्ध केलेली दशांश वर्गीकरण पद्धती आपल्याकडील अनेक ग्रंथालयांत वापरतात. तिच्यात संगीताला ७८०, मराठी कवितेला ८९१.४६१ आणि बौद्ध धर्माला २९४.३ हे अंक आहेत. मग भीम-बुद्ध गीतांची पुस्तिका कोठे ठेवावी? संगीतात, कवितेत की धर्मात?

याचे उत्तर सोपे आहे. वस्तूची जागा एक असते, पण तिच्याकडे जाणाऱ्या वाटा अनेक असू शकतात. पुस्तिका फळीवर एकाच ठिकाणी ठेवावी. तालिकेत मात्र तिच्यासाठी तीन-चार कार्डे करावीत: एक कवीच्या नावाचे, एक गायकाचे, एक गाण्याच्या पहिल्या ओळीचे आणि एक विषयाचे. चवदार तळ्यावरचे गाणे शोधणारा विद्यार्थी 'महाड सत्याग्रह, १९२७' या विषयकार्डावरून तेथे पोहोचेल आणि ज्याला केवळ धृपद आठवते तो पहिल्या ओळीवरून पोहोचेल. भारतीय ग्रंथालयशास्त्राचे जनक डॉ. एस. आर. रंगनाथन यांनी १९३१ साली पाच सूत्रे मांडली. वाचकाचा वेळ वाचविणे हे त्यांतील चौथे सूत्र. तालिकेचे सारे काम त्यासाठीच असते.

नावांचा गोंधळ

आम्ही बँकेत काम करतो. एकाच नावाचे दोन खातेदार असले की वडिलांचे नाव आणि पत्ता पाहिल्याशिवाय आम्ही पुढे जात नाही. गाण्यांच्या नोंदीतही हीच दक्षता हवी. नुसते 'कर्डक' लिहिले तर कोणते कर्डक समजावे? भीमराव कर्डक हे आंबेडकरी जलशाचे अग्रणी, 'आंबेडकरी जलसे: स्वरूप व कार्य' या पुस्तकाचे लेखक. वामनदादा कर्डक (१९२२-२००४) हे सिन्नर तालुक्यातील देशवंडीचे महाकवी. दोघेही नाशिक जिल्ह्यातले, दोघेही चळवळीतले. 'शिंदे' म्हटले तर प्रल्हाद शिंदे, आनंद शिंदे, मिलिंद शिंदे आणि आदर्श शिंदे अशा तीन पिढ्या गाणाऱ्या. प्रल्हाद शिंदे यांनी तर विठ्ठलाची भक्तिगीतेही गायिली आणि भीमगीतेही.

काहींची दोन नावे असतात. अण्णाभाऊ साठे यांचे मूळ नाव तुकाराम, तर शाहीर अमर शेख यांचे मूळ नाव मेहबूब पटेल. अशा वेळी लोकांना माहीत असलेले एक नाव मुख्य ठरवावे आणि दुसऱ्या नावाच्या कार्डावर 'अमर शेख पाहा' एवढेच लिहावे. ग्रंथालयात याला 'पाहा' नोंद म्हणतात.

कवीचे नाव सापडत नसेल तर गाण्याचा शेवटचा अंतरा नीट ऐकावा. पुष्कळ कवी तेथे आपले नाव गुंफतात. वामनदादांच्या अनेक गीतांत शेवटी 'वामन' येतो. तरीही तेवढ्यावर न थांबता छापील संग्रहाशी ताडून पाहावे, कारण दुसऱ्याच्या नावावर गाणी खपविण्याचे प्रकारही होतात.

कायदा काय सांगतो?

१९५४ च्या ग्रंथ प्रदान कायद्यानुसार प्रकाशकाने प्रत्येक ग्रंथाची प्रत कोलकात्याचे राष्ट्रीय ग्रंथालय व मुंबईसह अन्य ठरावीक ग्रंथालयांना द्यावयाची असते. या कायद्यातील 'ग्रंथ' या शब्दात पुस्तिका आणि स्वतंत्रपणे छापलेला संगीताचा कागदही येतो. म्हणजे जयंतीच्या मैदानात विकली जाणारी गीतांची पुस्तिकासुद्धा कायद्याच्या दृष्टीने ग्रंथच आहे. ध्वनिमुद्रिका व कॅसेट मात्र या कायद्यात येत नाहीत. त्या जपायच्या तर तुम्हा-आम्हालाच जपल्या पाहिजेत. शिवाय १९५७ च्या कॉपीराइट कायद्याप्रमाणे गीतकाराचा हक्क त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षे टिकतो. पण गाणे कोणाचे याची नोंदच नसेल, तर त्याच्या मुलाबाळांनी हक्क सांगायचा कशाच्या आधारे?

घाटापलीकडचे उदाहरण

हे काम मोठ्या संस्थांनीच करावे असे नाही. गी पॉइटवाँ आणि हेमा राईरकर यांनी घाटापलीकडच्या मावळ-मुळशी भागापासून मराठवाड्यापर्यंत सहकाऱ्यांच्या मदतीने जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. त्यांची संख्या एक लाखाच्या वर गेली. नुसत्या लिहून घेतल्या असत्या तर एवढ्या ढिगात एक ओवी शोधणे अशक्य झाले असते. म्हणून प्रत्येक ओवीला गाव, गाणाऱ्या बाईचे नाव आणि विषय जोडण्यात आला. बाबासाहेबांवरच्या ओव्याही त्यात आहेत. आज हा संग्रह 'पारी' या ग्रामीण भारताच्या संग्रहाद्वारे सर्वांना खुला झाला आहे. जिचे नाव एरवी रेशनकार्डाबाहेर कुठे आले नसते, ती दळणारी बाई येथे कर्ती म्हणून नोंदली गेली. आम्हाला याचे मोल फार वाटते.

आपण काय करावे?

विहाराच्या वाचनालयात एक दाखल नोंदवही व कोऱ्या कार्डांचा गठ्ठा एवढे भांडवल पुरे आहे. प्रत्येक गाण्यासाठी पुढील बाबी लिहाव्यात:

१) दाखल क्रमांक (एकदा दिलेला क्रमांक पुन्हा दुसऱ्यास देऊ नये)
२) गाण्याची पहिली ओळ
३) कवी, संगीतकार, गायक व साथीदार
४) प्रकार: जलशातील गण, पोवाडा, कव्वाली, पाळणा, ओवी इत्यादी
५) चाल (पुस्तिकेत गाण्याच्या वर 'चाल' छापलेली असते, तीही उतरवावी)
६) विषय
७) कंपनी किंवा प्रकाशक, साल, घरगुती मुद्रण असल्यास गाव, प्रसंग व दिनांक
८) वस्तूचे स्वरूप: पुस्तिका, वही, तबकडी, कॅसेट किंवा मोबाईलवरील मुद्रण
९) कोणाकडून मिळाले

जे माहीत नाही तेथे अंदाज लिहू नये. जागा कोरी ठेवावी, पुढे माहितगार भेटला की भरता येते. सामग्री वाढली तर कोहा किंवा ई-ग्रंथालय यांसारख्या संगणक प्रणाली आहेत, पण कार्ड बरोबर लिहिलेले असेल तरच संगणकाचा उपयोग.

कॅसेटच्या वरच्या कडेला प्लॅस्टिकच्या दोन लहान चकत्या असतात. त्या मोडून टाकल्या की चुकून त्यावर दुसरे काही मुद्रित होत नाही. कॅसेट स्पीकरजवळ ठेवू नये, कारण त्यातील चुंबकाने आवाज बिघडतो. आपल्याकडच्या पावसाळ्यात फितीला बुरशी धरते, म्हणून त्या कोरड्या डब्यात उभ्या ठेवाव्यात. संगणकावर प्रत काढून घ्यावी, त्या फाईलला दाखल क्रमांकाचेच नाव द्यावे आणि एक प्रत दुसऱ्या घरी ठेवावी.

विद्यार्थी मित्रांना आमचे सांगणे आहे की, हे काम पुढच्या सुट्टीवर ढकलू नका. गायन पार्टीत गायिलेली, कोरसमध्ये उभी राहिलेली पिढी आज सत्तरी-ऐंशीत आहे. त्यांच्या घरी गाण्यांच्या वह्या आहेत, ट्रंकेत कॅसेट आहेत आणि त्या कॅसेटवर कोणाचा आवाज आहे हे फक्त त्यांनाच ठाऊक आहे. वही मागून घ्या, उतरवून परत करा, शेजारी बसून नावे विचारून घ्या. कशेळे परिसरातील ठाकूर व कातकरी बांधवांची गाणीही याच पद्धतीने नोंदवता येतील. प्रत्येक सभासदाने आपल्या घरातील एका वहीची किंवा एका कॅसेटची नोंद करून संस्थेकडे दिली, तरी वर्षभरात आपल्या वाचनालयात तालिकेचा पहिला खण भरेल.

जय भीम!