वाडा नेमका कधीचा?

धाराशिव जिल्ह्यात जुन्या घराचं वय काढायचं तर आधी चौकटीची गणेशपट्टी पुसून बघा. शक कोरलेला असेल तर 78 मिळवा. शके 1832 म्हणजे 1910. जुना कागद उर्दूत असेल तर तिथे बहुधा फसली साल सापडेल, कारण सप्टेंबर 1948 पर्यंत आपण निजामाच्या राज्यात होतो. फसलीत 590 मिळवायचे, महिन्यानुसार कधी 591. मोडी-उर्दू वाचणारं माणूस मात्र गाठावं लागतं!

ग्रामपंचायतीच्या नमुना 8 मध्ये बांधकामाचं वर्ष असतं. जुन्या वाड्यांबाबत तो मला अंदाजच वाटतो. लोहारा-उमरग्याकडच्या पुनर्वसित गावठाणातलं घर असेल तर सोपं: 30 सप्टेंबर 1993 च्या भूकंपानंतरचं. माळवद टिकलेलं असेल तर फोटो टाका.