ग्रँट डफकृत मराठ्यांचा इतिहास

जेम्स ग्रँट डफ (८ जुलै १७८९–२३ सप्टेंबर १८५८) या ब्रिटिश लष्करी अधिकाऱ्याने लिहिलेला इंग्रजी ग्रंथ. १८२६ मध्ये तो लंडन येथे तीन खंडांत प्रसिद्ध झाला. मराठी सत्तेच्या उदयापासून अस्तापर्यंतचा हा पहिला विस्तृत व साधार वृत्तांत होय.

ग्रँट डफचा जन्म स्कॉटलंडमधील बॅन्फ येथे झाला. मुंबईच्या फौजेत दाखल झाल्यावर तो पुढे मौंट स्ट्यूअर्ट एल्फिन्स्टनचा साहाय्यक झाला आणि १८१७-१८ च्या इंग्रज-मराठे युद्धात त्याने भाग घेतला. १८१८ ते १८२२ या काळात तो साताऱ्यास छत्रपती प्रतापसिंहांच्या दरबारी कंपनीचा प्रतिनिधी होता. पेशव्यांचे दप्तर, साताऱ्याचे कागद, बखरी व फार्सी तवारिखा त्याला पाहावयास मिळाल्या.

या ग्रंथाचे गुणदोष जुन्नर–आंबेगाव भागाच्या संदर्भात चांगले तपासता येतात. सह्याद्रीचा घाटमाथा, त्यावरील किल्ले आणि कोकणात उतरणाऱ्या वाटा यांमुळे लढाईला कसे वळण मिळते, हे लेखकाला सैनिक म्हणून उमगले होते. १६५७ मध्ये शिवाजी महाराजांनी रात्री जुन्नर लुटले व तीन लाख होन आणि दोनशे घोडे नेले, हा प्रसंग तो नेमकेपणाने देतो. डिसेंबर १८१७ मधील दुसऱ्या बाजीरावाच्या हालचालींचे वर्णन तर समकालीनाचे आहे. पुणे सोडलेला पेशवा दक्षिणेकडून वळून जुन्नरच्या उत्तरेकडील डोंगराळ भागात आला. जनरल स्मिथची फौज पाठलागावर होती. तेव्हा तो पुन्हा दक्षिणेस चाकणकडे वळला. ही वाट आजच्या आंबेगाव तालुक्यातून घोड नदी ओलांडून जाते. पुण्यावर हल्ला होईल या भीतीने तेथील इंग्रज अधिकाऱ्याने शिरूरहून कुमक मागविली. ३१ डिसेंबरच्या रात्री निघालेल्या कॅप्टन स्टाँटनच्या तुकडीची दुसऱ्या दिवशी कोरेगाव येथे पेशव्याच्या फौजेशी गाठ पडली. नकाशा समोर ठेवून वाचल्यास हा भाग विशेष उद्‌बोधक वाटतो. पुढे मे १८१८ च्या आरंभी मेजर एल्ड्रिजने तोफांच्या माऱ्याने चावंड व जीवधन हे जुन्नरचे किल्ले घेतले.

व्हॅलेंटाइन ब्लॅकरचा १८२१ मधील ग्रंथ याच युद्धाचा आहे. परंतु तो मुख्यतः कंपनीच्या फौजांचा वृत्तांत आहे. ग्रँट डफ विरुद्ध पक्षाचे कागदही वाचतो, हे त्याचे वैशिष्ट्य.

कालनिर्णयात मात्र तो अनेकदा चुकतो. शिवनेरीवरील शिवजन्म त्याने मे १६२७ मधील मानला. १९१६ साली प्रसिद्ध झालेल्या जेधे शकावलीत फाल्गुन वद्य ३, शके १५५१ (१९ फेब्रुवारी १६३०) ही तिथी आढळते व महाराष्ट्र शासनाने तीच स्वीकारली आहे. मराठ्यांचा उदय त्याला सह्याद्रीच्या रानात अकस्मात भडकलेल्या वणव्यासारखा वाटला. मोहिमांपलीकडील समाज, धर्म व राज्यव्यवस्था यांच्याकडे त्याचे पुरेसे लक्ष नव्हते, हे त्यामागील खरे कारण दिसते. महादेव गोविंद रानडे यांनी १९०० मध्ये या मताचे खंडन केले. तत्पूर्वीच नीळकंठ जनार्दन कीर्तने यांनी विद्यार्थिदशेत या ग्रंथावर टीका लिहून मराठीतील इतिहाससंशोधनास चालना दिली होती. डेव्हिड कॅपन व बाबा साने यांनी केलेला मराठी अनुवाद मराठ्यांची बखर या नावाने प्रसिद्ध असून शाळांतून तो दीर्घकाळ वाचला जात असे.